लालीबाईच्या शिवारातील नऊ झाडे

तांडा, पोस्ट ढाणकी
दि. २२ मार्च २०२५

चि. बबितास अनेक आशीर्वाद.

तुझे १८ तारखेचे पत्र काल मिळाले. पत्र लिहिलेस याचे समाधान आहे. परंतु त्यातील हकिगत घडली तशी लिहिलेली नाही, म्हणून आधी ती दुरुस्त करतो.

तू लिहितेस की होळीच्या दुसऱ्या दिवशी तुझ्या आजीचा फोन 'आपोआप' बंद पडला आणि पुन्हा सुरू झाला तेव्हा 'हिरवे शिवार' हा तिचा खेळ पुसला गेलेला होता. होळी १३ मार्चला झाली. फोनमध्ये बिघाड झाला तो १६ मार्चला, रविवारी. त्या दिवशी सकाळी सव्वासात वाजता, चहा झाल्यावर, मी नऊही झाडांना पाणी घातले होते. तोपर्यंत फोन उत्तम चालत होता. दहा वाजता तू म्हणालीस, "आबा, लय हळू चालून राह्यला हा, द्या, साफ करून देते." दहा चाळीसला तो परत दिलास. त्यानंतर तू दोनदा पाणी प्यायलीस आणि साडेबाराच्या गाडीची वेळ झाली असे अकरालाच म्हणू लागलीस.

तू गेल्यावर मी खेळ उघडला. तेथे एक रिकामे रान होते, एक झोपडी होती, आणि टोपी घातलेली एक चित्रातील मुलगी मला पाणी कसे घालावे हे शिकवू लागली. 'आपण नवीन आहात काय?' असेही तिने विचारले.

खेळ गेला म्हणून शहाण्णव वर्षांच्या म्हाताऱ्यासारखा रुसून बसण्याइतका मी अजून म्हातारा नाही. मला शहात्तरावे चालू आहे. तरी तुला ठाऊक नसलेली एक गोष्ट सांगतो. यवतमाळच्या दवाखान्यात तुझ्या आजीने शुद्धीत असताना मला शेवटचे सांगितले ते असे : "गुरुजी, माह्या झाडाईले पाणी देजा." मी घरी आलो आणि परसातल्या लिंबाला, कढीपत्त्याला, शेवग्याला बादल्याच्या बादल्या पाणी घातले. ती गेल्यावरही दोन दिवस घालत होतो. तिसऱ्या दिवशी कोनाड्यात ठेवलेला तिचा फोन वाजला. पडद्यावर लिहिले होते : 'लालीबाई, तुमची झाडे तहानली आहेत.' तेव्हा मला समजले की तिची झाडे कोणती. शेवग्याची मुळे तेवढी विनाकारण कुजली.

त्या दिवसापासून, १६ नोव्हेंबरपासून, चार महिने एकही सकाळ मी चुकवलेली नाही. तिने मागितलेले एवढेच काम माझ्याकडे उरले होते. आता तेही नाही. खेळ कसा गेला याचे कारण तुला ठाऊक असेल तर कळव. नसेल तर तसे कळव.

तुझा,
देवीलाल राठोड


पुणे
२७ मार्च २०२५

तीर्थरूप आबांस साष्टांग नमस्कार.

कारण मला ठाऊक आहे. मीच पुसला.

फोन आजीने पाठवलेल्या आणि आजीला आलेल्या 'शुभ सकाळ'च्या फुलांनी गच्च भरला होता. मी आधी फोटो माझ्या लॅपटॉपवर उतरवून घेतले आणि मग पूर्ण फोन कोरा केला. वाटलं, खेळ परत टाकला की सगळं जसंच्या तसं येईल. पण तो खेळ आजीच्या समाजमाध्यमाच्या खात्याला जोडलेला होता. त्या खात्यात शिरल्याशिवाय शिवार उघडत नाही, आणि पासवर्ड आजीशिवाय कोणालाच माहीत नाही. हे कळलं तेव्हा साडेदहा झाले होते आणि तुम्ही बाहेर ओट्यावर माझ्यासाठी शेंगा बांधून देत होते. मी फोन तसाच तुमच्या हातात दिला.

आता दुसरं खोटं. ते जास्त मोठं आहे.

आबा, आजीचं शिवार गेलं नाही. ते आहे. सहा वर्षांपूर्वी मीही हा खेळ खेळत होती आणि आजीची 'शेजारीण' होती. कॉलेजात गेल्यावर सोडून दिला, पण आजी माझ्या पडीक रानात रोज एक बादली टाकतच राहिली, तिथं सगळी नोंद दिसते. १७ मार्चला पुण्यात पोचल्या पोचल्या मी तो पुन्हा टाकला. कुंपणाच्या अलीकडून आजीचं सगळं दिसते. तुम्हाला ते १८ तारखेचं पत्र लिहीत होती तेव्हा माझ्या समोर ते उघडंच होतं. तुम्हाला सांगायचं तर आधी मी काय केलं ते सांगावं लागलं असतं.

शेजाऱ्याला दिवसाला एकच बादली टाकता येते, एकाच झाडाला. सात दिवस पाणी मिळालं नाही की झाड वाळते. झाडं नऊ. तुम्ही सोळाला सगळ्यांना पाणी दिलं, मी सतरापासून एकेक करून राह्यली. हिशोब केला तर सातच वाचत होती. दोन सोडावी लागणार होती.

प्रत्येक झाडापुढे आजीने पाटी लावली आहे, तुम्ही पाहिलीच असेल. सगळी घरची माणसं, गुरुजी, इंद्रजीत, शीला, आजीची आई म्हणून याडी, असं. मी 'बबी' लिहिलेलं सोडलं. आणि सगळ्यात लहान, कुंपणाजवळचं, ज्याची पाटी कोरी आहे, ते सोडलं. कोणाचंच नाही असं वाटलं. २३ तारखेला दोन्ही वाळली.

खेळाचा नियम असा, की वाळलेलं झाड तीस दिवस उभं राहते. तेवढ्यात मालकाने खत घातलं तर ते परत फुटते. फक्त मालकाने. म्हणजे २२ एप्रिलच्या आत आपल्याला आजीच्या खात्यात शिरावं लागेल. त्याला एक रस्ता आहे. आजीच्या मोबाइल नंबरावर एक आकडा येईल, तो टाकला की झालं. तुम्ही फक्त आजीचं सिमकार्ड चालू फोनात टाकून ठेवा.

बाबांना सांगू नका. की सांगा. तुम्हाला वाटेल तसं.

तुमची,
बबिता


तांडा, पोस्ट ढाणकी
दि. १ एप्रिल २०२५

चि. बबितास अनेक आशीर्वाद.

'खेळत होती', 'लिहीत होती', 'करून राह्यली'. 'मी'पुढे ही रूपे मी तुझ्या आजीला पन्नास वर्षांत सोडवू शकलो नाही, तेव्हा तुला बोलत नाही.

पत्र दोन वेळा वाचले. तू पुसलास हे मला १६ तारखेलाच समजले होते. मनुष्य विनाकारण दोनदा पाणी पीत नाही. मी तुला विचारले ते उत्तर हवे म्हणून नव्हे, तर उत्तर तुझ्यापाशी पडून राहू नये म्हणून. तुझ्या वडिलांस सांगण्याचे प्रयोजन दिसत नाही. इंद्रजीत सध्या पांढरकवड्याहून हैदराबादकडे ट्रक घेऊन जातो; त्याने रस्त्याकडे पाहावे हे बरे.

शिवार शिल्लक आहे हे वाचून मी काही वेळ पत्र खाली ठेवले आणि ओट्यावर जाऊन उभा राहिलो. इतकेच लिहितो.

आता माझी बाजू. तुझ्या आजीचे सिमकार्ड नाही. मृत व्यक्तीच्या नावाचा क्रमांक चालू ठेवणे योग्य नव्हे म्हणून १२ डिसेंबरला मी उमरखेडला जाऊन, मृत्यूचा दाखला जोडून, तो रीतसर बंद केला. पोचपावती माझ्या फायलीत आहे. तिच्या फोनात तेव्हापासून माझेच कार्ड चालते. तेथील मुलगा म्हणाला होता, "राहू द्या ना गुरुजी, काय बिघडते?" मी त्याला नियम समजावून सांगितला. तो क्रमांक आज कोणा परक्याकडे असेल. म्हणजे तू कुलूप लावलेस आणि किल्ली त्याआधीच मी नदीत टाकून आलो होतो. तेव्हा अर्धा दोष माझ्या नावे लिही.

दुसरा रस्ता असल्यास कळव. तोवर तुझ्या बादलीचा क्रम चालू ठेव. एक सूचना : 'गुरुजी' नावाच्या झाडाची पाळी एखाद्या वेळी चुकली तरी चालेल. त्याला पाण्याची सवय कमी आहे.

तुझा,
देवीलाल राठोड


पुणे
५ एप्रिल २०२५

तीर्थरूप आबांस साष्टांग नमस्कार.

कोणाचीच पाळी चुकणार नाही. 'गुरुजी'ला तर मी सकाळी उठल्या उठल्या देते.

दुसरा रस्ता आहे. नंबर नसेल तर दोन गोष्टी लागतात. खात्यातल्या एका ओळखीच्या माणसाची साक्ष, आणि खातं उघडताना लिहिलेली जन्मतारीख. साक्ष मी दिली, ती मान्य झाली. मग आधारकार्डावरची आजीची तारीख टाकली, १ जून १९५३. चूक आली.

आबा, तीनच वेळा टाकता येते. एक गेली. तिसरी चुकली की खातं कायमचं बंद, मग शिवारही कुंपणापलीकडून दिसणार नाही. म्हणजे उरलेली सातही जातील.

हे खातं २०१९ मध्ये ढाणकीच्या साजिदकाकांच्या मोबाइल दुकानात उघडलं होतं. तेव्हा गल्ल्यावर त्यांची तमन्ना बसत होती. आजी तिच्याकडे रिचार्जला जायची आणि तासभर बसायची. तिनेच तारीख टाकली असेल. तिला जाऊन विचारता? पण रागावू नका तिला. आणि दुसऱ्यांदा तारीख टाकायच्या आधी मला कळवा.

तुमची,
बबिता


तांडा, पोस्ट ढाणकी
दि. ९ एप्रिल २०२५

चि. बबितास अनेक आशीर्वाद.

प्रथम कबुली. दुसरी संधी मी वाया घालवली आहे.

काल ढाणकीस गेलो. तमन्ना दुकानातच होती. आता दुकान तीच पाहते, साजिद फक्त दुरुस्तीला बसतो. मी तिला सांगितले की तुझ्याकडून यंत्रात तारीख चुकीची लिहिली गेली असावी, तरी तू एकदा योग्य तारीख काळजीपूर्वक भर. ती म्हणाली, "गुरुजी, बबिताने हीच टाकली होती ना?" मी म्हणालो, त्या पोरीने घाईत टाकली असेल. तमन्ना माझ्याकडे पाहत राहिली, परंतु माझ्या शब्दाबाहेर गेली नाही. तिने १ जून १९५३ हीच तारीख, एकेक आकडा मला दाखवून, पुन्हा भरली. यंत्राने ती पुन्हा नाकारली. बरोबर गोष्ट दुसऱ्यांदा सांगितली की समोरच्याला पटते, या समजुतीवर माझी अडतीस वर्षांची नोकरी झाली. यंत्र माझ्या वर्गात नव्हते.

मग मी रागावलो. तू नको म्हणाली होतीस तरी रागावलो. दुकानात चार गिऱ्हाइके होती. तमन्नाने मला स्टूल दिले, पाणी दिले आणि खालच्या आवाजात सांगितले ते तिच्याच शब्दांत लिहितो.

"गुरुजी, कार्ड तर दादीच्या बटव्यातच होतं. मी म्हणाली, दादी, कार्ड द्या, तारीख टाकते. तर दादी म्हणे, थे सरकारची तारीख हाय, माही नाही. माही टाक. मग त्यांनी मला साल सांगितलं, आणि म्हणे, त्या सालची दिवाळी कोणत्या तारखेला होती ते पाह्य तुह्या फोनात. मी पाहून दिली. लय खूश झाल्या. चार वेळा वाचून घेतली माझ्याकडून."

साल कोणते, असे मी विचारले. ते तिला आठवेना. सहा वर्षे झाली, रोज पन्नास जणांची खाती उघडते. एवढेच आठवले की साल सांगण्याआधी दादी एका विहिरीबद्दल बोलत होती. आणि एक गोष्ट आठवली, ती सांगावी की नाही असा तिला प्रश्न पडला होता. मी सांग म्हणालो.

"म्हणे, गुरुजीले सांगजो नोको. थे लाल शाईनं खोडून टाकतीन."

साजिद हातातले काम थांबवून म्हणाला, "गुरुजी, माझी पण १ जूनच आहे. तुम्हीच टाकलेली." मग गिऱ्हाइकांपैकी एकाने सांगितले की त्याचीही तीच. दुसऱ्यानेही हात वर केला, वर्गात करायचा तसाच. कोणी टोमणा म्हणून बोलले नाही. ते हसत होते. मी त्यांना तारखा वाटल्या, त्या वेळी त्यांच्या आया दाराशी उभ्या राहून काहीतरी सांगत असत : अमक्याच्या लग्नाच्या आठवड्यात, तमकी गाय व्याली त्या दिवशी. शाळा जूनमध्ये उघडे, मुलाला सहावे पुरे दिसले पाहिजे, म्हणून मी १ जून लिहून मोकळा होत असे. माझ्या गुरुजींनी मलाही १ जूनच दिली आहे. ढाणकीच्या आसपास आमचा सर्वांचा वाढदिवस एकाच दिवशी येतो आणि कोणीच तो साजरा करीत नाही.

तुझ्या आजीची गोष्ट मात्र निराळी आहे. ती लिहिण्यास मला संकोच वाटतो, म्हणून एका दमात लिहितो.

१९७९ साली माझ्या सेवापुस्तकात वारसाचे नाव व जन्मतारीख भरायची होती. मी लालीला तारीख विचारली. ती चुलीपाशी होती. हात पुसून माझ्यासमोर येऊन बसली, कारण असे तिला कोणी कधी विचारले नव्हते. ती म्हणाली की तिच्या माहेरच्या तांड्यावर, बाभुळगावजवळ, नव्या विहिरीला पाणी लागले त्या सालच्या दिवाळीच्या अमावास्येला ती जन्मली. मुली हातात दिवे घेऊन 'मेरा' म्हणत घरोघर फिरत होत्या. तूही लहानपणी तशी फिरली आहेस. त्या दाराशी आल्या तेव्हा तिच्या याडीला वेणा सुरू होत्या, आणि मुलींनी घरातील मोठ्यांसाठी शुभ चिंतून दिवा उंबऱ्यावर ठेवला, तोच हिचा पहिला आवाज आला. तिने हे सगळे सांगितले. बराच वेळ सांगितले.

मी म्हणालो, "कचेरीला तारीख लागते, गोष्ट नाही." आणि १ जून १९५३ लिहिले.

तिने पुन्हा कधी विषय काढला नाही. मला वाटले, पटले.

आता एकच संधी उरली आहे. ती विहीर कोणत्या सालची, हे मी तेव्हा विचारले नव्हते.

तुझा,
देवीलाल राठोड


पुणे
१२ एप्रिल २०२५

तीर्थरूप आबांस साष्टांग नमस्कार.

तुमचं पत्र आल्यावर मी आधी बाबांना फोन केला, काही न सांगता फक्त विहिरीचं विचारलं. त्यांना विहीर आठवते, त्यात पोहायला शिकले म्हणतात. साल माहीत नाही.

मी दिवाळीच्या तारखा काढल्या आहेत. १९५३ ला ६ नोव्हेंबर. १९५४ ला २६ ऑक्टोबर. १९५५ ला १४ नोव्हेंबर. यांच्यातली एक असेल, किंवा आणखी मागची-पुढची. आबा, अंदाजानं टाकू नका. तीनात एक ही काही खात्री नाही.

तुम्ही मागच्या पत्रात शेवटी जे लिहिलं त्यावरून एक सांगते.  शेजाऱ्याला मालकाच्या घरावरची पाटीही दिसते. आजीच्या घरावर लिहिलं आहे, 'लालीबाई आणि गुरुजी यांचे शिवार'. 'यांचे' बरोबर लिहिलं आहे. मला आठवते, तिनं मला विचारून नव्हतं लिहिलं, तुम्हाला विचारलं होतं, कशासाठी ते न सांगता. तुम्ही तेव्हा खूश झाले होते.

दहा दिवस राहिले आहेत. सात झाडं हिरवी आहेत. उन्हात फिरू नका.

तुमची,
बबिता


तांडा, पोस्ट ढाणकी
दि. २० एप्रिल २०२५

चि. बबितास अनेक आशीर्वाद.

उन्हात फिरलो. त्याशिवाय उपाय नव्हता.

१६ तारखेला सकाळच्या गाडीने यवतमाळ, तेथून बाभुळगाव, आणि पुढे रिक्षाने तांड्यावर गेलो. तुझ्या आजीचा धाकटा भाऊ सेवादास मला पाहून घाबरला. वाटले, आणखी कोणी गेले. मी म्हणालो, विहीर पाहायची आहे. तो म्हणाला, "दाजी, नळ आल्यापासून तिच्यात कोनी पाहून नाही राह्यलं, तुम्ही कायले आले एवढ्या दुरून?" मी कारण सांगितले.  तो आत गेला, आणि नारळाची शेंडी व पाण्याची कळशी घेऊन आला.

विहिरीवर आता लोखंडी जाळी आहे. कठड्यावर, पोहरा ओढण्याच्या बाजूस, कोणीतरी ओल्या सिमेंटवर खिळ्याने काही कोरलेले होते. शेवाळ वाळून त्यावर काळा थर बसलेला. सेवादास घासत होता आणि मी पाणी ओतत होतो. आधी बैलाचे चित्र निघाले. मग 'पानी लागल'. 'पानी'चा न चुकीचा आहे आणि 'लागल'वर अनुस्वार नाही. त्याखाली 'सन १९५४'.

मी खिशातून पेन काढले नाही. लिहिले आहे ते पूर्णपणे बरोबर आहे.

सेवादासच्या घरी जेवताना तो म्हणाला की याडी दर दिवाळीला लालीच्या नावाने एक दिवा विहिरीच्या कठड्यावर ठेवत असे, लग्न होऊन गेल्यावरही, आपण जाईपर्यंत. हे मला ठाऊक नव्हते. मी दर दिवाळीला तेथे जावई म्हणून पाहुणचार घेत होतो आणि दिवा कशाचा असे विचारले नव्हते.

१७ तारखेला ढाणकीस गेलो. तमन्नाला साल सांगितले. तिने दिवाळीची तारीख काढली : २६ ऑक्टोबर १९५४, मंगळवार. तारीख तुझ्या पत्राशी जुळली. वार मी बोटांवर मोजून पाहिला, जुळला. तिने विचारले, "टाकू?" साजिद उठून जवळ येऊन उभा राहिला. मी म्हणालो, एकदाच टाक, या वेळी मला आकडे दाखवू नकोस.

यंत्राने विचार केला, मग आमचे स्वागत केले. 'लालीबाई, बऱ्याच दिवसांनी आलात.' असे लिहिले होते. तमन्नाने फोन माझ्या हातात दिला आणि गिऱ्हाइकाकडे वळली, गिऱ्हाईक नव्हते.

शिवार जसेच्या तसे आहे. सात झाडे हिरवी, तुझ्या हातची. मी दोन्ही वाळलेल्या झाडांना खत घातले. 'बबी' लगेच फुटले. ते स्वभावानुसार झाले. कुंपणाजवळचे, कोऱ्या पाटीचे, ते फुटण्यास दुसऱ्या दिवसाची सकाळ उजाडली. त्या झाडावर बोट ठेवले असता त्याची माहिती दिसते. ती मालकालाच दिसते, म्हणून तुला दिसली नाही, आणि पाणी घालण्यापलीकडे मी कधी बोट ठेवले नाही, म्हणून मालकाच्या जागी बसूनही मला दिसली नव्हती. तेथे लिहिले आहे : 'वाढदिवसाची भेट.' खाली तारीख आहे. खेळ आपल्या खेळाडूला वाढदिवसाला एक रोप देतो. तू सोडलेस ते झाड कोणाचेच नव्हते असे नाही. पण तू कोणत्या आधारावर ओळखणार होतीस? ओळखायचे ते मी होतो.

पाटीवर आता 'लाली' असे लिहिले आहे. लालीबाई हे नाव घराबाहेरच्यांसाठी असे.

रोज सकाळी सव्वासातला मी पाणी घालतो. तुझ्या पडीक रानातही एक बादली टाकतो. तेथे बाभळी माजल्या आहेत, सुट्टीत येशील तेव्हा काढू. तू तुझी एक बादली इकडे चालू ठेव. आवश्यकता नाही, तरी ठेव. साजिदने मला त्याची खरी तारीख शोधून द्यायला सांगितले आहे. त्याची आई जैबुनबी ती जन्मवेळेची हकिगत नीट सांगते असे तो म्हणाला. मी उद्या वही घेऊन जाणार आहे आणि या वेळी पूर्ण ऐकणार आहे.

या पत्रव्यवहारात व त्याआधी ज्या तारखा चुकीच्या लिहिल्या गेल्या, त्या येथे दुरुस्त करून ठेवतो. हा कागद जपून ठेव.

१६ मार्च २०२५. तुझ्या पत्रात 'होळीच्या दुसऱ्या दिवशी' असे आहे. बरोबर तारीख ही. फोन बबिताने कोरा केला. तिला माहीत नव्हते.

१२ डिसेंबर २०२४. सिमकार्ड 'रीतसर' बंद केले अशी माझी नोंद आहे. 'रीतसर' हा शब्द काढावा.

२३ मार्च २०२५. दोन झाडे वाळली. ती मेली असे कोठे लिहिले गेले असल्यास खोडावे. १७ व १८ एप्रिल रोजी ती पुन्हा फुटली.

१ जून १९५३. लालीबाई देवीलाल राठोड यांची जन्मतारीख म्हणून सेवापुस्तक, शिधापत्रिका, आधारकार्ड व मृत्यूचा दाखला यांत ही तारीख आहे. चूक. लिहिणारा मी.

२६ ऑक्टोबर १९५४, मंगळवार, दिवाळीची अमावास्या, मुली दिवे घेऊन दाराशी आल्या तेव्हा. बरोबर. सांगणारी ती स्वतः.

२६ ऑक्टोबर २०२४. तिला सत्तर पूर्ण झाली. माझ्या रोजनिशीत त्या दिवशी एवढेच आहे : 'लालीने लापशी केली. विचारले असता सहज म्हणाली. कारण नाही.' दुरुस्ती : कारण होते.

तुझा,
आबा